तापत्या दांडीची जागा

वाटीला लागून वाजू पाहणारा चमचा थोरल्याच्या बायकोने बोटाने दाबून धरला. टेबलावरच्या भांड्यातल्या पाण्यात दिव्याचे प्रतिबिंब एकदा थरथरले आणि निमूट झाले. टेबलाच्या एका टोकाला थोरला बसला होता, दुसऱ्या टोकाला त्याची आई, आणि दोघांच्या मधोमध, मिठाच्या बरणीशेजारी, आईने नुकतेच आणून ठेवलेले एक वाक्य होते.

"तिकडे टॉवेल कोमट असायचा."

ही तक्रार नव्हती. तक्रार असती तर फार बरे झाले असते. तक्रारीला उलट उत्तर देता येते, आवाज चढवता येतो, रुसून अर्ध्या जेवणावरून उठता येते. हे नुसते विधान होते, आकाश निरभ्र आहे असे सांगावे तसे. आईने ते उच्चारले आणि पुढचा घास घेतला. त्या घासाच्या संथ चावण्यात थोरल्याला आपल्या पन्नाशी उलटलेल्या आयुष्याचे एकूण एक उणेपण ऐकू येऊ लागले.

"तिकडे" म्हणजे धाकट्याकडे. वडील गेल्यापासून आई दोन्ही मुलांकडे आलटून पालटून राहत असे. कोणाकडे किती, हे कोणी ठरवलेले नव्हते, आणि ठरवलेले नसल्यामुळेच दोघे भाऊ त्याचा हिशेब मनातल्या मनात अहोरात्र करीत. आई धाकट्याकडून परत आली तेव्हा हवेत पहिला गारवा उतरला होता. येताना तिने आपली निळी बॅग खोलीत पलंगाच्या पायथ्याशी ठेवली आणि ती तशीच ठेवली. सुनेने तिच्यासाठी कपाटाचा मधला कप्पा रिकामा करून त्यात नवा कागद अंथरला होता. त्या कागदावर डांबराच्या गोळ्या एकट्याच घरंगळत. आई बॅगेची चेन उघडी, हवे ते काढी, वापरलेले घडी घालून परत आत ठेवी आणि चेन लावी. रेल्वेच्या प्रतीक्षालयात माणसे अशीच वागतात. थोरला दिवसातून कितीदा तरी त्या खोलीवरून जाई, आणि जाता जाता त्याची नजर त्या चेनीवर अडके. थंडीभर आई इथे राहणार की पुन्हा तिकडे जाणार, हे त्याने विचारले नव्हते. विचारले असते तर तिने उत्तर दिले असते, आणि उत्तराची त्याला भीती वाटत होती.

म्हणून त्याने दांडी घ्यायचे ठरवले.

विजेवर तापणारी, टॉवेल वाळवणारी आणि कोमट ठेवणारी, चकचकीत पोलादी आडव्या नळ्यांची ती दांडी धाकट्याकडे आहे एवढेच त्याला ठाऊक होते. थेट विचारणे थोरलेपणाला शोभले नसते. त्याने फोन करून प्रथम धाकट्याच्या मुलीच्या अभ्यासाची चौकशी केली, मग त्याच्या पाठदुखीची, मग एकंदर जगाची, आणि शेवटी, जणू खिडकीतून बाहेर बघता बघता सुचावे तसे, तुमच्या त्या दांडीला आडव्या किती रे, असे विचारून घेतले. दुसऱ्या दिवशी त्याने आणलेल्या दांडीला एक आडवी जास्त होती. ही गोष्ट त्याने कोणालाही सांगितली नाही. पण खोक्यावरचे चित्र आईच्या खुर्चीच्या दिशेने करून ठेवले.

आता दांडी घेणे आणि दांडीला जागा देणे यांत, मनात प्रेम असणे आणि ते बोलून दाखवणे यांत असावे तेवढे अंतर असते. त्यातून थोरला विमा कार्यालयात अपघातांच्या दाव्यांची छाननी करणारा. माणूस न्हाणीघरात किती प्रकारांनी पडतो, भाजतो, कापतो आणि दगावतो, हे त्याच्याइतके त्या इमारतीत कोणालाच ठाऊक नव्हते. इतरांना साबणाची वडी दिसे तिथे त्याला मांडीचे मोडलेले हाड दिसे. दांडीबरोबर आलेले माहितीपत्रक त्याने असे वाचले, की बायकोने दोनदा विचारले, कोणाचे पत्र आहे. पाण्याचे शिंतोडे उडतील तिथे दांडी नको. शॉवरखालून हात पोचेल तिथे नको. दाराआड नको, कारण दार उघडताना उघडी पाठ तिला टेकते. गीझरखाली नको. बटण तर आत अजिबातच नको, ते बाहेर हवे. पत्रकावर प्रत्येक नकाराशेजारी एका चेहरा नसलेल्या माणसाचे चित्र होते, आणि तो माणूस प्रत्येक ठिकाणी काही ना काही चूक करीत होता. थोरल्याला त्याच्याविषयी आपुलकी वाटू लागली.

बातमी बाहेर जायला वेळ लागला नाही. वरच्या मजल्यावर एक निवृत्त गृहस्थ राहत. त्यांच्या खिशाला पेनाच्या जागी टेस्टर अडकवलेला असे, म्हणून सारी इमारत त्यांना टेस्टरकाका म्हणे. ते लिफ्टच्या दाराला, जिन्याच्या कठड्याला, नव्याने राहायला आलेल्यांच्या पाटीला टेस्टर लावून पाहत. शेजारच्या जावयाच्या मनगटावरच्या घड्याळालाही त्यांनी तो एकदा लावला होता, असे सांगतात. ते आले, न्हाणीघराच्या दारात उभे राहिले आणि चारही भिंती न्याहाळत राहिले. मग म्हणाले की, जागा डोळ्यांनी ठरत नसते, पाण्यानं ठरते. पाणी कुठवर जातं ते आधी बघा.

त्या एका वाक्यामुळे रविवारच्या सकाळी थोरला रेनकोट घालून शॉवरखाली उभा राहिला. अंगावर कपडे, कपड्यांवर रेनकोट, डोक्यावर टोपी, आणि हातात कोरडा साबण. त्याने रोजच्यासारखी आंघोळ करून दाखवायची आणि जिथे जिथे थेंब पोचतील त्या टाइल्सवर बायकोने पेन्सिलीने फुली मारायची, असे ठरले होते. दारातून टेस्टरकाका सूचना देत होते. नुसते उभे राहू नका, खांदे घासा. काखेत साबण लावताना कोपर बाहेर जातं, ते जाऊ द्या. आता डोळ्यांत फेस गेलाय असं समजा. थोरल्याने तसे समजून घेतले. डोळे मिटून, हात पुढे करून तो नळ शोधू लागला, आणि त्या क्षणी त्याला वाटले, की माणसाचे अवघे आयुष्य हे असेच आहे: वरून पाणी, अंगात रेनकोट, आणि कोणीतरी बाहेरून सांगतेय की नीट घासा. तेवढ्यात बायकोने विचारले, तुम्ही रोज इतका वेळ घासता? आणि तो विचार तिथेच वाहून गेला.

प्रयोगाअंती न्हाणीघराच्या भिंती फुल्यांनी भरून गेल्या. कोरडा राहिला तो एकच उभा पट्टा, दार आणि वॉशबेसिन यांच्या मधला, छातीच्या उंचीचा. तिथे शिंतोडा पोचत नव्हता, शॉवरखालून हात पोचत नव्हता, दार त्याच्या उलट बाजूला उघडत होते. टेस्टरकाकांनी मान हलवली. थोरल्याने रेनकोटातून निथळत त्या पट्ट्याकडे पाहिले, आणि कितीतरी दिवसांनी त्याला जगात कुठेतरी एक सुरक्षित जागा आहे असे वाटले.

पण छाननी करणाऱ्याचे मन इतक्यावर भरत नसते. आंघोळ आपण केली, दांडी आईसाठी आहे. तेव्हा आई न्हाणीघरातून कशी बाहेर येते हेही पाहायला हवे, असे त्याने मनाशी ठरवले. त्याने तिला शक्य तितक्या हळुवारपणे विचारले, आई, तू आंघोळ झाल्यावर बाहेर कशी येतेस?

आईने त्याच्याकडे पाहिले. "चालत," ती म्हणाली.

तरीही त्याने एकदा चालून दाखवायची विनंती केली. आई उठली. साऱ्यांच्या देखत ती न्हाणीघरात गेली, वळली, आणि दोन्ही हात पाठीशी बांधून, मान ताठ, तपासणीला आलेल्या अधिकाऱ्यासारखी, कशालाही न शिवता दाराचा उंच उंबरा ओलांडून बाहेर आली. टेस्टरकाकांनी तर कौतुकाने मान डोलावली. या वयात काय ती चाल, असे म्हणून ते गेले. आई पुन्हा खुर्चीत बसली आणि तिने डोळे मिटून घेतले. ती दमली आहे, हे थोरल्याच्या लक्षात आले नाही. तो मनातल्या मनात पट्ट्यावर शिक्कामोर्तब करीत होता.

वायरमन येणार त्याच्या आदल्या दिवशी बायकोने न्हाणीघर घासायला काढले. परका माणूस येणार म्हटल्यावर घर आहे तसे दाखवणे तिच्या रक्तातच नव्हते. डॉक्टरकडे जाण्याआधी जी बाई आजाऱ्याला नवा शर्ट घालते, ती फुल्या मारलेल्या टाइल्स वायरमनच्या नजरेला कशा पडू देईल? पेन्सिलीच्या खुणा पुसता पुसता तिला त्या कोरड्या पट्ट्यावर, दाराच्या चौकटीजवळ, एक मळकट ढग दिसला. तो नुकता आलेला नव्हता. थोरल्यानेही तो पूर्वी पाहिला होता. आंघोळीच्या वेळी त्याच्याकडे बघत त्याने कधी त्यात बेट कल्पिले होते, कधी उंट, आणि एकदा, कार्यालयात फार वाईट दिवस गेला असताना, साहेबांचा चेहरा. बुरशी असेल, ती म्हणाली. ओल असेल, तो म्हणाला. तिने ब्रश घेतला, त्याने पावडर धरली, आणि नवराबायकोने मिळून तो ढग अशा निगुतीने घासून काढला, की टाइलीत दोघांचे चेहरे दिसू लागले. दोघांना आपल्या संसाराविषयी बरे वाटले.

यानंतर सचिव आले, म्हणजे थोरलाच त्यांच्याकडे गेला. इमारतीत भोक पाडायचे तर सचिवांची परवानगी लागे, आणि सचिव हे असे गृहस्थ होते, की भिंतीवर घड्याळ लावायलाही त्यांनी एकाला दोन खेपा घालायला लावल्या होत्या. त्यांनी दांडीच्या प्रश्नाच्या मुळालाच हात घातला. ही दांडी टॉवेल तापवते की खोली? टॉवेल तापवत असेल तर ती उपकरण ठरते, खोली तापवत असेल तर ती सोय ठरते, आणि सोयींना समितीची मंजुरी लागते. थोरल्याने सांगितले की ती टॉवेल तापवते. खोली तापली तर तो योगायोग समजावा. सचिवांनी योगायोगाची नोंद घेतली आणि बऱ्याच मनधरणीनंतर परवानगी दिली, एका अटीवर. वायर कुठेही दिसता कामा नये. दिसणाऱ्या वायरींमुळे इमारतीची रया जाते.

सगळा घोटाळा त्या अटीतून सुरू झाला. वायरमन आला, त्याने दांडी हातात घेऊन तिचे वजन अजमावले, आणि हिला स्वतंत्र लाइन लागेल साहेब, असे म्हणून तो सरळ मुख्य दाराकडे चालू लागला. मीटरचे बोर्ड तिथे होते. मुख्य दारापासून पॅसेजभर जाऊन टोकाच्या न्हाणीघरापर्यंत वायर न्यायची, आणि ती दिसू द्यायची नाही, म्हणजे साऱ्या पॅसेजच्या भिंतीत खाच पाडायची. या खाचेला तो झिरी म्हणे. शब्द ऐकायला रेशमासारखा होता. प्रत्यक्षात जेव्हा भिंत चिरली जाऊ लागली तेव्हा घरात पांढरे धुके उतरले, पॅसेजमधले पुस्तकांचे कपाट बैठकीत आले, पुस्तके पलंगावर गेली, पलंगावरची थोरला-थोरली सोफ्यावर आली, आणि सोफ्यावरच्या उशा कुठे गेल्या ते आजवर कळलेले नाही.

या साऱ्या धुमश्चक्रीत थोरल्याचे लक्ष एकाच गोष्टीवर होते. आईच्या खोलीत धूळ जाऊ लागली तेव्हा बायकोने ती निळी बॅग उचलून पॅसेजमध्ये ठेवली. पॅसेजमध्ये मजूर वावरू लागले तेव्हा ती बैठकीच्या दारात गेली. कपाट आले तेव्हा तिथून हलली. दर खेपेला कोणीतरी सोयीसाठीच हलवी, आणि दर खेपेला ती मुख्य दाराच्या थोडी अधिक जवळ जाई. शेवटी ती चपलांच्या शेजारी, उंबऱ्याला टेकून, गाडीची वेळ झाल्यासारखी उभी राहिली. थोरला येता-जाता तिला पायाने हळूच आत सरकवी. बायकोला ती पायात येई, म्हणून ती पुन्हा बाहेर सरकवी. दोघे याविषयी बोलत नव्हती. बोलण्यासारखे त्यात होते तरी काय?

अखेर दांडी लागली. कोरड्या पट्ट्यावर, छातीच्या उंचीवर, भिंतीत खोल गेलेल्या स्क्रूंवर, आपल्या अधिकच्या आडवीसह ती झळकू लागली. टेस्टरकाकांनी तिला वरपासून खालपर्यंत टेस्टर लावून निर्दोष ठरवले. सचिव येऊन वायर दिसत नसल्याची खात्री करून गेले. बाहेर पॅसेजमध्ये बटण होते आणि बटणात एक तांबडा डोळा. तो डोळा लागला, टॉवेल चढवला गेला, आणि आई आंघोळीला गेली.

थोरला पॅसेजमध्ये उभा राहिला. पाणी पडण्याचा आवाज आला, थांबला. मग काहीच आले नाही. मग धातूवर काहीतरी आपटावे तसा बारीक आवाज झाला आणि पुन्हा शांतता. आई बाहेर आली तेव्हा तिने शाल घट्ट लपेटून घेतली होती, हातांसकट. छान आहे, ती म्हणाली, आणि खोलीत गेली. थोरल्याने ते दोन शब्द दिवसभर तोंडात घोळवले. कार्यालयात त्याने त्या दिवशी एकही दावा फेटाळला नाही.

पण दुसऱ्या दिवसापासून बटण बंद राहू लागले. थोरला सकाळी उठून ते लावी. आईची आंघोळ होईपर्यंत ते कोणीतरी बंद केलेले असे. टॉवेल गार. त्याने बायकोला विचारले, तिने कानावर हात ठेवले. वायरमनला बोलावले, तो म्हणाला बटण आपोआप बंद होत नसतं साहेब, त्याला बोट लागतं. टेस्टरकाकांना त्यात विजेचा काहीतरी खोल दोष दिसला, आणि ते फार आनंदात होते. थोरल्याने बटणावर "कृपया बंद करू नये" अशी सुवाच्य पाटी लावली. ती पाहून बायको म्हणाली, घरात तीन माणसं, त्यांतली कृपया कोण? तरी बटण बंदच. शेवटी तो खुर्ची टाकून, वर्तमानपत्र उघडून, पॅसेजमध्ये पहाऱ्याला बसला. वर्तमानपत्राच्या कडेवरून त्याने पाहिले. आई आंघोळीला आली, बटणापाशी थांबली, तिने ते टप् करून बंद केले आणि आत गेली.

बाहेर आल्यावर त्याने विचारले तेव्हा ती म्हणाली, "वीज जाते उगीच."

वीज जाते. धाकट्याकडे वीज जात नव्हती? तिथे ती काय नळाने येत होती? थोरल्याचे मन खोल दुखावले. दांडीला एक आडवी जास्त असूनही आई या घरची ऊब नाकारते, याचा अर्थ ऊब दांडीत नव्हतीच. ती त्या घरात होती, त्या माणसांत होती, आणि ती खोक्यात घालून कोणी विकत नव्हते. असे विचार तो रात्र पडेतो करीत राहिला, कारण असे विचार करणे त्याला जमत असे. सकाळी मात्र त्याने जे केले ते विचार न करता केले. आई बटण बंद करून आत गेली. पाणी वाजू लागले. तो पावले न वाजवता उठला आणि त्याने बटण पुन्हा लावले. तिला निदान एकदा, तिच्या नकळत, कोमट टॉवेल मिळावा, एवढेच त्याच्या मनात होते.

पाणी थांबले. बऱ्याच वेळाने कडी निघाली आणि दार उघडले. वाफेतून थोरल्याला प्रथम आईचा चेहरा दिसलाच नाही. दिसला तिचा हात. शालीतून बाहेर आलेला, सवयीने आपली जागा ठाऊक असलेला तो हात, न बघता, न शोधता, सरळ दाराशेजारच्या त्या पट्ट्याकडे गेला आणि दांडीच्या वरच्या आडवीवर साऱ्या देहाचा भार घेऊन टेकला. एक पाय उंबऱ्याच्या वर उचललेला होता.

"स्स्."

हात सुटला. थोरल्याने धावत जाऊन तिला धरले. ती पडली नाही. तळहातावर एक तांबडी रेघ उमटली होती. त्याने तो हात वॉशबेसिनच्या नळाखाली धरला, आणि बायको मलम शोधत उशांसारखीच कुठे तरी नाहीशी झाली. गार पाणी त्या रेघेवरून वाहत होते. आईने हात ओढून घेतला नाही. पाण्याकडेच बघत ती म्हणाली, "बंद असली ना, की चांगली आहे दांडी. घट्ट आहे."

पुढे थोड्या वेळाने तिने विचारले, "मी बंद केलेलं बटण परत कोणी लावलं?"

थोरल्याने नळ थोडा मोठा केला.

दुपारी थोरल्याने धाकट्याला फोन केला. या वेळी त्याने पाठदुखीची चौकशी केली नाही. तुमची दांडी नेमकी कुठे आहे, एवढेच विचारले.

"बाहेर, पॅसेजमध्ये," धाकटा म्हणाला. "तू आत लावलीस? अरे, आत कशाला, आई धरते ना बाहेर येताना."

"तिनं सांगितलं तुला?"

"ती कशाला सांगतेय. मरेल पण सांगणार नाही. दाराजवळ भिंतीवर तिच्या हाताचा डाग पडलेला असायचा. आमच्याकडे रोज कोण टाइल्स घासतंय, दादा? तुमच्याकडे नाही का पडत?"

थोरल्याने फोन खाली ठेवला आणि तो न्हाणीघरात जाऊन उभा राहिला. टाइल्स लखलखत होत्या. दांडीच्या मागे, चौकटीजवळ, जिथे पूर्वी ढग होता तिथे, त्याला स्वतःचा चेहरा दिसला. बेट नव्हते ते. उंट नव्हता. वर्षानुवर्षे, या घरी असेल तेव्हा रोज, आई त्या एका जागी हात टेकून उंबरा ओलांडत आली होती. तिने जे कधी उच्चारले नाही ते भिंतीने जपून ठेवले होते, आणि त्याने ते आपल्या हाताने पावडर धरून पुसून टाकले होते. पाणी कुठवर जाते ते त्याने रेनकोट घालून पाहिले. हात कुठवर जातो ते पाहिले नाही. माहितीपत्रकातल्या त्या चेहरा नसलेल्या माणसाला अखेर चेहरा मिळाला होता.

संध्याकाळी टेस्टरकाकांना आणि वायरमनला एकत्र बसवून विचारणा झाली. दोघांचे पहिल्यांदाच एकमत झाले, की ही दांडी टॉवेल पेलते, माणूस नाही. आज ना उद्या ती स्क्रूंसकट हातात येईल. तेव्हा ती काढावी आणि पॅसेजमध्ये, बटणाच्या शेजारी, हात टेकत नाही अशा उंचीवर लावावी. वायर तर तिथवर आलीच आहे. वायरमन त्या लांबलचक झिरीकडे पाहत म्हणाला, आधीच बाहेर लावली असती साहेब, तर आत काही फोडावंच लागलं नसतं. थोरल्याने हे ऐकून घेतले. न्हाणीघरात मात्र, त्याच पट्ट्यावर, एक साधी, गार, जाड पोलादी दांडी बसवायची. माणसाला धरता येईल अशी.

इथे खरी अडचण होती, आणि ती कोणा वायरमनच्या हातची नव्हती. आधाराची दांडी लावणे म्हणजे आईला आधार लागतो असे म्हणणे. जी बाई चार माणसांदेखत हात पाठीशी बांधून चालून दाखवते, तिला ते कोणत्या तोंडाने सांगायचे? हे ऐकले तर ती आजच बॅग उचलेल, आणि बॅग तर आधीच दारात आहे. बायको म्हणाली, तुम्ही काहीही सांगा, फक्त आधार हा शब्द तेवढा काढू नका. रात्रभर सोफ्यावर तो शब्द सोडून उरलेली सारी भाषा थोरला चाळत राहिला.

दुसऱ्या दिवशी रंगारी आला. त्याची तारीख मोठ्या मिनतवारीने मिळाली होती, म्हणून दांडीचे काहीही होवो, त्याला परत पाठवणे शक्य नव्हते. बुजवलेल्या झिरीवर त्याने पॅसेजची सारी भिंत फिक्कट रंगाने एकसारखी करून टाकली आणि जाताना बजावले की उद्यापर्यंत हिला कोणी बोटही लावू नका. ते बायकोने फारच मनावर घेतले. ती पॅसेजच्या तोंडाशी उभी राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला अंग चोरून चालायला लावीत होती. टेस्टरकाकांना तर तिने दारातूनच परत पाठवले. त्यांचा हात टेस्टरकडे गेलेला तिने पाहिला होता.

संध्याकाळी आई मुख्य दाराशी आली. बॅग तिथेच होती. ती वाकली, चेन उघडून तिने एक लोकरीचे पांघरूण काढले, चेन पुन्हा लावली. थोरला तिच्यामागे येऊन उभा राहिला.

"आई," तो म्हणाला, "ती तापती दांडी बाहेर लावतोय. आत... आत दुसरी एक लावू म्हणतो. साधी. टॉवेलसाठी."

आईने त्याच्याकडे पाहिले.

"टॉवेलसाठी," ती म्हणाली.

"हो. जरा जाड. ओला टॉवेल जड होतो ना."

"होतो."

दोघेही क्षणभर त्या जड टॉवेलाचा विचार करीत उभी राहिली. मलम लावलेला हात आईने पांघरुणात घेतला होता. मग थोरल्याच्या तोंडून, इतके दिवस दाताखाली धरलेले, अखेर निसटलेच. "थंडी इथेच काढशील ना, आई?"

ती वळली. बॅग मागे, चपलांशेजारी राहिली. आईचे तोंड आता घराच्या आतल्या बाजूला होते. पॅसेज लांब होता आणि दिवा अजून कोणी लावला नव्हता. पहिल्या पावलाला ती किंचित थांबली. थोरल्याला वाटले ती मान ताठ करील, हात पाठीशी बांधील. तिने चांगला हात पांघरुणातून बाहेर काढला आणि सगळ्यांच्या देखत, सावकाश, भिंतीला टेकला.

रंग ओला होता. थोरल्याने तोंड उघडले. पॅसेजच्या तोंडाशी बायकोनेही उघडले. मग दोघांनी एकमेकांकडे पाहिले आणि आपापली तोंडे मिटून घेतली.

एक हात, मग थोड्या अंतरावर दुसरा, मग तिसरा, असे ठसे त्या फिक्कट रंगावर उमटवत आई आपल्या खोलीकडे चालत गेली.